माझ्या पाठीमागचा आवाज

शनिवार, २३ नोव्हेंबर
वसतिगृह

प्रिय काकू,

नमस्कार. गुडघा कसा आहे? जिना चढू नका म्हटलं तरी तुम्ही चढणारच, तेव्हा उपदेश करत नाही. मी ठणठणीत आहे. इथे एका खोलीत आम्ही सगळ्या बचावपटू कोंबल्या आहोत. खिडकीच्या गजांवर मोजे वाळतायत आणि वास असा की डासही फिरकत नाहीत.

बातमी कळलीच असेल. आपल्या विभागाच्या पोरी राष्ट्रीय फुटबॉल स्पर्धेच्या अंतिम सामन्यात! उद्या दुपारी. आमच्या प्रशिक्षक ताई सकाळपासून हसतायत, म्हणजे बघा. तुमच्या लेकीने हे बघायला हवं होतं, असं सगळ्या म्हणतात.

गोलमध्ये आता चिमणी असते. पोरगी गुणी आहे, पण आवाज शेजारच्या खोलीतही जायचा नाही. आणि आम्हाला सवय तुमच्या लेकीची, आमच्या भोंग्याची! बचावात खेळताना गोलकडे पाठ असते, काकू, मागचं दिसत नाही. ती मागून "खांब, सोड!" म्हणाली की मी चेंडू सोडायचा, "मार!" म्हणाली की मारायचा. विचार करायचा नाही. त्या तापाने ती गेली तोवर मी माझ्या डोळ्यांपेक्षा तिच्या घशावर भरवसा ठेवून खेळले.

पुढचं काकांना वाचून दाखवू नका.

इथे पहिल्याच सामन्यात मागून "सोड!" ऐकू आलं. मी सोडला. चेंडू बाहेर गेला. वळून पाहिलं तर चिमणीचं तोंड मिटलेलं. भास झाला म्हणाल. मीही तेच म्हटलं. पण पुढच्या सामन्यात पुन्हा, तोच घसा, शेवटी तसाच चिरकणारा. अंगावर सर्रकन काटा आला. आणि खरं सांगू? बरं वाटलं. मी सामन्यांची वाट बघायला लागले, ते जिंकण्यासाठी नाही.

काल उपांत्य सामना होता. उंच चेंडू आला, मागून "सोड!" आलं, मी बाजूला झाले. चिमणी म्हणे "मार, मार" म्हणून जिवाच्या आकांताने ओरडत होती. मला ऐकूच आलं नाही. शेवटी ती समोरच्या पोरीच्या पायात झेपावली आणि बूट तिच्या तोंडावर बसला. ओठाला टाके पडलेत. पठ्ठीने चेंडू मात्र सोडला नाही, म्हणून तर आपण जिंकलो.

दवाखान्यात सुजलेल्या तोंडाने तिने विचारलं, "माझा आवाज पोचत नाही का गं?"

मी म्हटलं, "प्रेक्षक फार ओरडत होते."

मैदानात कुत्रंसुद्धा नव्हतं, काकू.

तुमच्या लेकीची हाक जिवंतपणी कधी चुकली नव्हती. मग काल का चुकली? तिच्या जागेवर दुसरी उभी आहे म्हणून? छे! ती भांडखोर होती, मनाने वाईट नव्हती. कदाचित तिला आता तिथून नीट दिसत नसेल. हे मनात आलं आणि मी न्हाणीघरात नळ सोडून रडले.

चिमणी उद्या टाके घेऊनच खेळणार आहे. पुन्हा तिचं ऐकलं नाही तर बूट कुठे बसेल, देव जाणे. ताईंना सांगून मी बाहेर बसले असते, पण त्याचाही उपयोग नाही. माझ्या शेजारी खेळणाऱ्या डावरीने आज जेवताना मान खाली घालूनच विचारलं, "तुलाही ऐकू येतं ना?"

एका राखीव पोरीचे बाबा आज परत निघालेत, त्यांच्या हाती हे देते. फोनवर मला बोलता आलं नसतं.

काकू, ती ताईंना जुमानायची नाही, मला तर नाहीच नाही. पण तुम्ही गॅलरीतून "घरी ये गं" म्हटलं की खेळ अर्धा टाकून पळायची, आम्ही मागून शिव्या घालायचो. उद्या दुपारी एकदा तशी हाक मारा. मोठ्याने. शेजारपाजारचे काय म्हणायचं ते म्हणोत.

मला ती जायला नको आहे. तरी मारा.

तुमची, आणि उद्या दुपारपर्यंत तिचीच,
खांब