साबण चषकाची शेवटची ओळ

६ ऑक्टोबर, मंगळवार

मिळालं काम! क्लबाच्या चिटणीसांचा स्वतः फोन. साबण चषकाचा इतिहास लिहायचा – छोटीशी पुस्तिका, नव्या इमारतीच्या उद्घाटनाला वाटायला. "तुमच्याशिवाय कोण लिहिणार, बाई?" म्हणाले. खरंच आहे ते. जन्मभर शाळेत पोरांना खेळ शिकवले, आणि त्या स्पर्धेची एक फायनल चुकवली नाही. शिवाय शेवटच्या वर्षी जिंकला तो माझा सख्खा भाऊ!

हे म्हणाले, "आता घरात रोज शिट्टी वाजणार." वाजणारच.

८ ऑक्टोबर, गुरुवार

सुरुवात झाली. साबणाच्या कारखान्याचे मालक टेनिसचे भक्त, पण स्वतःला रॅकेट धड धरता येत नसे. मग दुसऱ्यांना खेळवायचं ठरवलं – फक्त पुरुषांची, पैसे घेऊन खेळणाऱ्यांची स्पर्धा. कागदावर नाव हे एवढं लांब! कोणी कधी उच्चारलं नाही. सगळ्यांच्या तोंडी साबण चषक. पहिल्याच फेरीत हरलेल्याला साबणाचा खोका बक्षीस – चषकावरून हात धुवा म्हणून, असं लोक चिडवायचे.

परदेशी खेळाडू सभासदांच्या घरी उतरायचे. आमच्याकडे एक ताडमाड गडी आला होता, पाय पलंगाबाहेर. आईनं पायाखाली स्टूल लावून दिलं. उपांत्य फेरीत हरला बिचारा, पण जाताना स्टुलाचा फोटो काढून नेला. हे मी पुस्तिकेत घालणार. चिटणीस काय म्हणायचं ते म्हणोत.

आणि फळ्याची रीत! ती तर दुसरीकडे कुठेच नव्हती. फायनल संपली की त्याच संध्याकाळी हॉलमधल्या फळ्यावर विजेत्याचं नाव लिहायचं – पण रंगाऱ्यानं नाही, हरलेल्यानं. स्वतःच्या हातानं, पांढऱ्या रंगात. त्यामुळे फळ्यावर दर ओळीचं अक्षर वेगळं. एकानं रागाच्या भरात इतकी जाड अक्षरं काढलीत की रंगाचे ओघळ अजून दिसतात. पण लिहिलं. सगळ्यांनी लिहिलं.

एक सोडून. शेवटच्या ओळीत नुसतं साल आहे. पुढे कोरं.

९ ऑक्टोबर, शुक्रवार

स्पर्धा बंद का पडली ते आज लिहून काढलं. टेनिसच्या जागतिक वेळापत्रकातला आमचा आठवडा काढून दुसऱ्या शहराला दिला – तिथे मोठं स्टेडियम. बडे खेळाडू तिकडे गेले. कारखाना विकला गेला, नव्या मालकांना टेनिसचं काही पडलेलं नव्हतं. शेवटच्या वर्षी नावाजलेलं कोणी आलंच नाही, म्हणून दादासारखा गावातला पोरगा फायनलला पोचला – असं लोक म्हणतात. जळू देत. समोरचा डावखुरा काय मातीचा होता? त्यानं पहिला सेट घेतला होता!

मी पहिल्या रांगेत, दादाच्या मागच्या रेषेजवळ. शेवटचा गुण अजून डोळ्यांसमोर आहे. डावखुऱ्याचा फटका दादाच्या पायाशी पडला. रेषेवरचा पंच ओरडला – "बाहेर!" डावखुरा हात वर करून जाळीकडे धावला, खूण बघा म्हणून. आमचं कोर्ट मातीचं, चेंडूची खूण उमटायची. वाद झाला की मुख्य पंच खुर्चीवरून उतरून ती बघायचे. पण ते उतरेपर्यंत दादानं बुटानं माती सारखी करून टाकली होती आणि दोन्ही हात वर! काय तो रुबाब! लहानपणापासून नीटनेटका. चादरीला सुरकुती चालायची नाही त्याला.

संध्याकाळी हॉलमधून डावखुरा काही न लिहिता निघून गेला. सगळ्यांनी बघितलं. मी लिहिलंय – "पराभव पचवायला लागते ती छाती त्याच्याकडे नव्हती." झकास वाक्य. दोनदा मोठ्यानं वाचलं. हे झोपले होते तरी हूं म्हणाले.

१० ऑक्टोबर, शनिवार

संताप! संताप! चिटणीस म्हणतात नव्या भिंतीवर फळा मावत नाही. "खालची ओळ कोरीच आहे, बाई. तेवढी पट्टी कापून टाकू. सोमवारी नाही, पुढच्या सोमवारी सुतार येतोय."

म्हणजे माझ्या भावावर करवत? मी विचारलं, ओळ भरलेली असली तर? "मग प्रश्नच नाही. भिंतीचं बघू काहीतरी."

झालं तर मग. भरते ओळ. रीतीप्रमाणे भरते. डावखुरा जिवंत आहे, बाजारामागच्या गल्लीत घड्याळं दुरुस्त करतो. धरून आणते!

११ ऑक्टोबर, रविवार

दादाकडे गेले. हात फारच थरथरायला लागलाय त्याचा. वहिनी कप अर्धाच भरतात, तरी बशीत सांडतो. बघवत नाही. याच हातानं सर्व्हिस करायचा.

पट्टीचं सांगितलं. म्हणाला, "कापू देत."

"कापू देत काय? तुझं नाव आहे ते!"

"नाहीये ना. तेच तर." आणि पेपर उघडला.

वहिनी दारापर्यंत आल्या. "त्यांच्यासमोर नका हो तो विषय काढू. दोन दिवस जेवत नाहीत नीट." हा आमचा दादा! कौतुक करून घ्यायची लाज. म्हणून तर मी आहे.

१३ ऑक्टोबर, मंगळवार

भांडायच्या तयारीनं गेले आणि भांडण झालंच नाही. एवढंसं दुकान, भिंतभर घड्याळं, प्रत्येकाची वेळ वेगळी. डोळ्याला भिंग लावून बसला होता. हात असा स्थिर की केसाएवढा स्क्रू चिमटीत धरून माझ्याशी बोलत होता. जरा हेवा वाटला, दादासाठी.

मी सरळ म्हटलं, "तुमची एक ओळ राहिलीय."

भिंग काढलं. ओळखलं. "बसा, ताई. दादा कसे आहेत?" हाताबद्दल सांगितलं तर खरंच वाईट वाटलं त्याला. नाटक नव्हतं ते.

मग विचारलं, "फायनलला तुम्ही कुठे बसला होतात?"

"पहिल्या रांगेत! रेषेच्या अगदी समोर."

"म्हणजे तुम्ही बघितलंच असेल."

"सगळं बघितलं."

"बरं," म्हणाला. थोडा हसला. "येईन रविवारी. लिहीन. निकाल काही माझ्या बाजूचा नव्हता. पण दादांना विचारा आधी."

त्यात विचारायचं काय? पुस्तिकेतलं ते छातीचं वाक्य जरा सौम्य करावं का? बघू. आधी लिहू तर दे.

१४ ऑक्टोबर, बुधवार

दादाला फोनवर सांगितलं, तो येतोय.

पहिलाच प्रश्न – "खुणेबद्दल काही बोलला?"

"कसली खूण?"

"काही नाही. मी येईन."

येईन म्हणाला! सांगितलं होतं ना मी ह्यांना! हे म्हणाले, "तू त्याला कधीतरी बोलू देत जा." उगीच काहीतरी.

१७ ऑक्टोबर, शनिवार

पांढरा रंग आणला, बारीक ब्रश आणला. फळा स्वतः पुसला. ती ओळ डोळ्यांपुढे लिहिलेली दिसतेय मला – दादाचं नाव, घड्याळवाल्याच्या त्या रेखीव हातानं. सगळ्या फळ्यावर सर्वांत सुंदर ओळ आमची असणार. उद्या शिट्टी गळ्यात घालूनच जावं!

१८ ऑक्टोबर, रविवार

डावखुऱ्यानं ब्रश बुडवला आणि दादानं तो त्याच्या हातातून घेतला. "त्या संध्याकाळीही ब्रश मीच काढून घेतला होता," म्हणाला. "चेंडू रेषेवर होता. मी खूण पुसली. पुढे कोण जिंकलं असतं देव जाणे, पण मी हरलो ते तिथेच."

ओळ भरली, डावखुऱ्याच्या नावानं. वाकडीतिकडी, मधलं अक्षर खाली घसरलेलं. हात थरथरतो त्याचा. ब्रशला आम्ही कोणी हात लावला नाही.