न विचारलेला सवाल

माघ शुद्ध ७, शके १८६५. अणदूर

माझ्या दाव्यावर जवाबदावा आला! सगळा उर्दूत, मला एक अक्षर कळेना. तुळजापूरला महेबूब वकिलांच्या ओसरीवर बसून त्यांच्याकडून मराठीत ऐकला.

थोरले दीर रेवणप्पा म्हणतात — शेत दोघा भावांचं एकत्र, वाटणी कधी झालीच नाही. भाऊ गेला, आता शेत माझं. भावाच्या विधवेला अन्नवस्त्र देईन. माझा दावा आहे की वाटणी झाली होती, ह्यांचं निम्मं शेत मला मिळावं. हरले तर जाऊबाईंच्या दारात ज्वारीसाठी पदर पसरायचा. जन्मभर!

माघ शुद्ध १०

वकील म्हणतात, पुढच्या पेशीला, म्हणजे कोर्टाच्या तारखेला, तनकीह निघणार. म्हणजे काय हो, विचारलं. "एक पार्टी व्हय म्हणती, दुसरी न्हाय म्हणती, तेवढ्याचाच मुन्सफसाहेब सवाल बनवतात, बाई. बाकीचं कुणी इचारत न्हाय."

मला गंमतच वाटली. आमच्याकडं तर नको तेच आधी विचारतात.

माघ वद्य २

लग्नाचा सवाल निघणारच, म्हणून जीव खालीवर होतोय. माझं हे दुसरं लग्न — उडकीचं, विधवेचं लावतात तसलं. जंगमस्वामी आणि चार माणसं, वाजंत्री नाही. त्यातले स्वामी गेले, हेही गेले. गावातल्या बाया अजून मला 'ठेवलेली' म्हणतात. त्या एका शब्दापायी लेकीला आलेलं लोहारा गावचं स्थळ परत गेलं, शांताक्कानं दोन दिवस नीट जेवण केलं नाही.

कोर्टात विचारलं तर काय सांगायचं, ते आरशासमोर म्हणून पाहिलं. स्वतःचंच हसू आलं.

माघ वद्य ९

पेशी झाली. एकच सवाल निघाला! भावाभावांत वाटणी झाली होती काय? शाबीत मी करायचं. लग्नाचं नावच नाही. मी व्हरांड्यात बसून पाठ केलेलं सगळं तसंच घेऊन परत आले, आणि खरं सांगायचं तर थोडा रागही आला.

वकील हसले. "अहो, त्यांनी तुम्हाला 'भावाची विधवा' म्हटलंय. न्हाय म्हटलंच न्हाय, मग सवाल कशाचा? त्यांचा वकील चुकला. गप ऱ्हावा."

चुकला? रेवणप्पा दोन आण्याचं मीठ घेतानाही दोनदा चाखून घेतात. ते चुकू कसे देतील?

फाल्गुन शुद्ध ४

हाच विचार डोक्यात. भाकरी करपली. जाऊबाई मला गावभर तो शब्द लावतात, आणि त्यांचाच नवरा कोर्टात विधवा म्हणतो! रेवणप्पांना विचारावं म्हणून दोनदा त्यांच्या दारापर्यंत गेले. दारात जाऊबाई. "काय पायजे?" काही नाही म्हटलं.

फाल्गुन शुद्ध ११

रेवणप्पांनी वकील बदलला. नवा उस्मानाबादचा आहे, अर्ज देणार म्हणे — जवाबदावा दुरुस्त करायचा, लग्न नाकारायचं. महेबूब वकिलांचा चेहरा उतरला. मला वाटलं, झालं. आता शेतही जाणार, नावही.

फाल्गुन वद्य ३

कोर्टातून आल्या आल्या लिहायला बसले.

मुन्सफसाहेबांनी दोघांनाही आत बोलावलं. अर्ज वाचला आणि रेवणप्पांना विचारलं, यात काय लिहिलंय ते माहीत आहे का? ते म्हणाले, "न्हाय जी. अंगठा दे म्हणले, म्या दिला." मग साहेबांनी मोडक्या मराठीत सांगितलं. ही बाई तुझ्या भावाची बायको नव्हती, असं तू म्हणतोस.

रेवणप्पांनी माझ्याकडं पाहिलंच नाही. "न्हाय साहेब. ती भावाची बायकोच हाय. उडकीला कंदील म्याच धरला व्हता. शेत आमचं हाय म्हणून भांडतोय, हे कशाला लिवायचं?"

नवा वकील कानात काहीतरी सांगायला गेला. त्यांनी मान झाडली. साहेबांनी बोलणं लिहून घेतलं, अर्ज परत दिला.

बाहेर आल्यावर मी चिंचेखाली बसून रडले. महेबूब वकील खूष होते. "बाई, आता फक्त वाटणीचं तेवढं घट्ट बोला."

चैत्र शुद्ध ५, शके १८६६

वाटणीचं. चुली वेगळ्या होत्या, हे खरं. पेरणी मात्र एकत्र, एकाच बैलजोडीनं. खळ्यावर ज्वारी निम्मी निम्मी व्हायची. वकील म्हणतात, निम्मं धान्य म्हणजेच वाटणी, तेवढंच सांगा. हे असते तर काय म्हणाले असते? ते तर कुणालाही सांगायचे, आमचं रान एकच.

दावा करताना हे मला आठवलं नव्हतं असं नाही. तेव्हा पोटाचा विचार जास्त होता.

चैत्र शुद्ध ९

शांताक्काला विचारलं, शेत नाही मिळालं तर? म्हणाली, "आये, लोहाऱ्याच्या लोकांना कोर्टातलं कळलं असंल का गं?"

चैत्र वद्य १

साक्ष झाली. शपथ घेतली. साहेबांनी विचारलं, रानाची वाटणी झाली होती काय?

मी म्हटलं, न्हाय.