रद्द झालेला गोल आणि दुसऱ्या खोलीचे पडदे

प्रिय कालेर्वोदादा,

वाकून नमस्कार. (कंबर हल्ली जेवढी वाकते तेवढाच, राहिलेला तू मनाने वाकवून घे.) तुझा गुडघा कसा आहे? बिर्गित्ता वहिनींचा खोकला गेला का? त्यांच्यासाठी आपल्याकडच्या खारट काळ्या गोळ्या पाठवल्या होत्या. त्यांनी त्या फेकल्या असणार हे मला ठाऊक आहे, पण तू तरी एखादी चघळत जा. मी ठणठणीत आहे. रक्तदाब थोडा वर आहे, पण तो सध्या सगळ्या गावाचाच वर आहे, आणि त्याला कारण तू राहतोस तो देश आहे. तळ्यावरचा बर्फ अजून माणूस पेलतो, तरी मासे धरणारे आता मध्यावर जात नाहीत, काठाकाठाने बसतात.

तर दादा, तू तरुणपणी कामासाठी स्वीडनला गेलास, तिथलीच बायको केलीस, आता पेन्शनही तिथलीच खातोस, हे आम्ही कधी मनात धरलं नाही. आई तर शेवटपर्यंत शेजारणींना तू ‘किनाऱ्याकडे’ असतोस एवढंच सांगायची. पण गेल्या रविवारपासून तुझं नाव या घरात जरा बेतानेच निघतं. बायकांच्या बर्फावरच्या हॉकीची जागतिक स्पर्धा, तिची अंतिम लढत आपल्याच तांपेऱ्याला, आपल्या मुली विरुद्ध तुमच्या मुली, आणि आपल्या संघात आपली साइमी, माझ्या पेक्काची थोरली. तू ती टीव्हीवर पाहिली असशीलच. पाहिली नाही असं लिहू नकोस. जन्मभर हॉकीची पंचगिरी केलेला माणूस त्या वेळी अंगणातला बर्फ उपसत होता, हे वहिनींनी शपथेवर सांगितलं तरी मला पटायचं नाही.

पेक्का आणि सूनबाई सामन्याला गेले. मला म्हणाले, आई, तूही चल. मी कशी जाणार? सगळं गाव आपल्या हॉकीच्या रिंकच्या कॅन्टीनमध्ये मोठ्या पडद्यावर सामना बघायला जमणार, आणि कॅन्टीन माझ्या गळ्यात. दालचिनीचे बन कोणी भाजायचे? मागे एकदा मी दवाखान्यात होते तेव्हा पाद्रीणबाईंनी भाजले होते. बाई प्रवचन फार छान करतात. असो. तर मी काउंटरच्या आत, गाव काउंटरच्या बाहेर, आणि सामना बरोबरीत. जादा वेळ सुरू झाला, आता पहिला गोल ज्याचा, चषक त्याचा. माझ्या हातात सॉसेज उलटायचा चिमटा होता आणि सॉसेज कधीचे संपले होते, तरी मी तो उघडमीट करत होते. तेवढ्यात साइमीने उजवीकडून मुसंडी मारली, चकती तुमच्या गोलरक्षक पोरीच्या पायाखालून जाळीत गेली, आणि जाळीमागचा लाल दिवा लागला.

दादा, आपली माणसं तुला ठाऊक आहेत. बसथांब्यावर उभी राहिली तर दोघांच्या मधून गाय जाईल एवढं अंतर ठेवतात. पण त्या दिवशी त्यांनी एकमेकांना मिठ्या मारल्या. औषधांच्या दुकानातल्या बाईंनी पाद्रीणबाईंना गच्च धरलं. नगरपालिकेचे मुख्याधिकारी चौकातल्या कारंज्यात उडी मारायला धावले. (जिंकलं की कारंज्यात उडी मारायची ही राजधानीतली रीत आता इथवर आली आहे.) पण एप्रिलात आपल्या कारंज्यात पाणी नसतं, रस्त्यावरचा उपसलेला बर्फ असतो, तोही त्यांच्याच हुकुमाने टाकलेला. त्यात ते कमरेपर्यंत रुतले. फावडी घेऊन त्यांना काढायला गेलेले चौघेजण पुढच्या सगळ्याला मुकले आणि संध्याकाळभर विश्वविजेते म्हणून गावात हिंडले. त्यांना खरं काय ते सांगायचा धीर कोणाला होईना.

आणि मग तोइवो. आपल्या रिंकचा बर्फ सपाट करायच्या गाडीवरचा तोइवो. त्याची बायको जाऊनही आता बरीच वर्षं झाली. रोज गाडी फिरवून झाली की काउंटरसमोर उभ्याने कॉफी पितो. बोलतो ते हवेबद्दल, आणि तेही हवा बदलली तरच. इतक्या वर्षांत त्याने काउंटरची फळी उचलून आत पाऊल टाकलेलं नव्हतं. त्या दिवशी टाकलं. टोपी काढली आणि म्हणाला, “राउहा, मी दोन खोल्या गरम करतो आणि राहतो एकीतच.”

(हे वहिनींना तुला समजावून सांगावं लागेल. त्यांच्याकडे यासाठी फुलं वगैरे आणत असतील. आपल्याकडे याहून स्पष्ट कोणी बोलत नाही. बाबांनी आईला काय विचारलं होतं? तुला गाई आवडतात का, एवढंच.)

मी चिमटा खाली ठेवला आणि म्हटलं, “बरं. पण दुसऱ्या खोलीचे ते तपकिरी पडदे मी काढणार.”

“काढ की,” तो म्हणाला.

झालं, एवढंच. पण दादा, तुझ्यापासून काय लपवायचं, मला फार बरं वाटलं. पेक्काचे बाबा, अर्मास, गेल्यापासून मी एकट्यापुरती कॉफी टाकते, आणि एका माणसाच्या कॉफीची चव मला अजून जमलेली नाही. कधी पाणचट, कधी कडू. आता ती कटकट मिटली, असं त्या क्षणी माझ्या मनात आलं. मी त्याला एक बन दिला. त्याने तो खाल्ला नाही, नुसता हातात धरून उभा राहिला.

आणि पडद्यावर बघते तर पंचबाई कानाला यंत्र लावून उभ्या. गोलाचा खांब जागचा हलल्यावर चकती आत गेली की आधी गेली, हे म्हणे तपासत होत्या. पुन्हा बघितलं, उलटं बघितलं, हळू बघितलं. मग बाईंनी दोन्ही हात आडवे पसरले. गोल नाही. त्या बाईबद्दल मला पाद्रीणबाईंच्या शेजारी बसून बोलता आलं नाही ते इथे लिहिते. तिला दिसत नाही. तिला दिसत असेल तर समजत नाही. आणि समजत असेल तर ती नक्की तुमच्या बाजूला कोणाची तरी मावशी लागते. ज्यांनी मिठ्या मारल्या होत्या त्यांनी त्या सोडवून घेतल्या. औषधवाल्या बाईंनी पाद्रीणबाईंची माफी मागितली. तोइवोने बन ताटलीत ठेवला, टोपी घातली, फळी उचलून बाहेर गेला, फळी पुन्हा नीट खाली ठेवली, आणि रिंकवर जाऊन गाडी फिरवू लागला. त्या बर्फावर सकाळपासून कोणी पाऊलसुद्धा टाकलेलं नव्हतं.

पुढचं तुला माहीतच आहे. गोल झाल्याच्या आनंदात आपल्या येडीने हातमोजे आणि काठी प्रेक्षकांत भिरकावली होती. गोल रद्द झाला, पण काठी फेकल्याची शिक्षा लागली ती लागलीच. साइमी शिक्षेच्या बाकावर बसली, आपल्या मुली एक कमी घेऊन खेळल्या, आणि तेवढ्यात तुमच्यांनी गोल केला. त्या काचेमागचा तिचा चेहरा बघून मी ओव्हनकडे तोंड करून उभी राहिले. ओव्हन बंद होता.

सोमवारी तोइवो नेहमीसारखा आला. कॉफी घेतली, साखर ढवळत राहिला. (तो साखर घेत नाही.) म्हणाला, “राउहा, कालचं ते. गोल नव्हताच.”

“नव्हता म्हणतात,” मी म्हटलं.

“म्हणजे त्यानंतरचं सगळंही तसंच. तुला त्यात धरून ठेवणं बरं नाही. पडदे राहू देत.”

आणि तुझी ही बहीण, जिला लहानपणी तुम्ही रेडिओ म्हणायचात, तिला त्या वेळी एक वाक्य सुचू नये. मी म्हटलं, “बरं.” आदल्या दिवशीचंही बरं आणि हेही बरं. तो गेल्यावर मला स्वतःचा असा राग आला की विचारू नकोस.

त्याच्यावर तरी काय रागवायचं? त्याचा स्वभाव तुझ्याइतका कोणाला माहीत आहे? आपल्या तरुणपणी जिल्ह्याच्या अंतिम सामन्यात पंच तू होतास, गोल तोइवोने मारला होता, तू शिट्टी वाजवून गोल दिलाही होतास. लोकांनी त्याला खांद्यावर घेतलं, तर हा वरून ओरडतो, थांबा, जाळी बाजूने फाटलीय, चकती तिथून आत गेली. तू जाऊन बघितलंस, फाटलेली होती, गोल रद्द केलास. चषक पलीकडच्या गावाला गेला आणि अजून तिथेच आहे, तिथल्या बँकेच्या खिडकीत, मुद्दाम रस्त्याच्या बाजूला ठेवलेला. (तू त्याच वर्षी स्वीडनला गेलास. त्याचा याच्याशी काही संबंध नाही असं तू म्हणतोस, आणि मी भांडत नाही.) जो माणूस आपला गोल स्वतः परत करतो, तो बायकोसुद्धा परत करणार, हे मला आधीच समजायला हवं होतं. वाईट एवढंच वाटतं की त्याला हे इतकं सहज जमलं. दोन दिवस तो कॉफीला आला नाही, तेव्हा सहज जमलं नसावं असंही वाटलं. मग थोडं बरं वाटलं.

साइमी बुधवारी माझ्याकडे आली. रुपेरी पदक कोटाच्या खिशात, किल्ल्यांबरोबर. जेवली नाही, म्हणून मी वाफ घ्यायला सौना तापवली. सौनात माणूस फार वेळ गप्प राहू शकत नाही, निदान आपल्या घरातलं तरी. वरच्या फळीवर गुडघ्यांत तोंड खुपसून बसली होती. मी दगडांवर पाणी टाकलं. मग म्हणाली, “आजी, मला सांग, हा कुठला न्याय? मी केलेलं चांगलं तेवढं पुसून टाकलं, आणि गाढवपणा तेवढा ठेवला.”

मी म्हटलं, “असाच नियम आहे का गं?”

“असाच आहे. गोल रद्द झाला तरी मधल्या वेळात केलेल्या आगळिकीची शिक्षा रद्द होत नाही. ती भोगायचीच.”

मी तिची पाठ चोळून दिली आणि सांगितलं, माझ्या लेखी तो गोल होता आणि राहील. मग ती रडली, मग जेवली, मग माझ्या वाटणीचेही बटाटे जेवली. ते पदक आता माझ्या भिंतीवर आहे, अर्मासच्या फोटोशेजारी. पण तिचं ते बोलणं माझ्या डोक्यातून जाईना.

म्हणून तुला हे पत्र. तू इतकी वर्षं पंच होतास, तेव्हा बहीणभाऊ बाजूला ठेवून खरं सांग, तो गोल होता की नव्हता? बाकी काही विचारायचं नाही. वहिनींना नमस्कार. गुडघ्याला लोकर बांधत जा.

तुझी धाकटी बहीण,
राउहा

ता. क. गोल होता की नव्हता ते राहू दे. ते काय, झालं ते झालं. तू तोइवोला चार ओळी लिही, पंच म्हणून, जरा अधिकृत भाषेत, की गोल रद्द झाला तरी मधल्या वेळात घडलेल्या गोष्टींची शिक्षा कायम राहते. बाकी काही लिहू नकोस. माझं नाव तर अजिबात नको. तो दुसऱ्या कोणाचं ऐकायचा नाही. तू त्याचा गोल रद्द केलास म्हणून तो अजूनही तुला गावातला सगळ्यात सरळ माणूस समजतो.

ता. क. २. ईस्टरची सुट्टी, पोस्ट बंद, म्हणून पाकीट इथेच पडून राहिलं. तेवढ्यात काल तोइवो कॉफीला आला. मनात म्हटलं, दादाच्या उत्तराची वाट बघेपर्यंत तळ्यावरचा बर्फ जाईल. विचारलं, “तोइवो, गोल नव्हता, मग साइमीची शिक्षा का राहिली?”

“शिक्षा राहते,” तो लगेच म्हणाला. “गोल नसला तरी. हातून घडलं ते घडलं.”

“आणि तू आत येऊन मला विचारलंस, ते कशात धरायचं?”

त्याने बराच विचार केला. म्हणाला, “त्यात शिक्षा कोणाला?”

“तुला,” मी म्हटलं. “मी दिवसभर बोलते.”

तो कप तसाच ठेवून निघून गेला. अर्धी कॉफी टाकून गेलेला तोइवो कोणी पाहिलेला नाही. मी बनचा आख्खा ट्रे जाळला. माझं तोंड मला कधीतरी नडणार हे तू लहानपणापासून सांगत होतास, तेच आठवत बसले. मग दार वाजलं. तोइवो होता, काखेत ते तपकिरी पडदे घडी करून घेतलेले. फळी उचलून आत आला, काउंटरवर ठेवले आणि म्हणाला, “माप यावरून घे.”

तेव्हा त्याला आता काही लिहू नकोस. त्यापेक्षा वहिनींना सांग, त्यांच्या गावातल्या दुकानातून पडद्यांचं कापड आणा, मापाची दोरी पाकिटात घातली आहे, आणि उन्हाळ्यात दोघं येताना ते घेऊन या. शिट्टी घरी ठेव. पंचबाईंबद्दल मी वर जे काही लिहिलं आहे ते सोडून वाच, बाईंनी नीट बघितलं असेल. साइमीसमोर मात्र मी अजूनही म्हणते की गोल होता, तेव्हा तूही तसंच म्हण. आणि कापड तुमच्या झेंड्याचं निळं-पिवळं सोडून कुठलंही चालेल.