रसिका गेली

शुक्रवार, १ ऑगस्ट २०२५
काल इथे लिहिलं की माझ्या आधी खोलीत राहणारी रसिका डभोईला, घरी गेली. चूक. फ्लॅटमधली संयोगिता फक्त "ती गेली" म्हणाली होती. डभोई मी मनाने जोडलं. सातवीपर्यंत मला बाबांनीच घरी शिकवलं. चुकलेलं खोडायचं नाही, खाली दुरुस्ती लिहायची, ही त्यांची शिस्त. बाकी सगळं छान! शहरातल्या अकोटा भागातला हवेशीर फ्लॅट, वर मोकळी गच्ची, संध्याकाळी सगळ्यांनी मिळून खाल्लेली सेवउसळ. करजणसारख्या छोट्या गावची मी, आठवड्यात मैत्रिणी मिळाल्या. संयोगिता मला 'शर्वरी मास्तरीण' म्हणते.

रविवार, ३ ऑगस्ट
काल गच्चीवर पार्टी. रील काढणारा अमोघ मोबाइल धरून ओरडायचा, "हसा ने, सुतकात बसलाय का!" की सगळे नाचत. रील झाली की गाणं बंद, जो तो आपापल्या फोनमध्ये. केक कापला; खाल्ला कुणीच नाही. मला रसिकाची पिवळी बांधणी ओढणी देऊन कठड्याशी पाठमोरी उभं केलं. तिच्या खात्यावर लाखभर लोक आहेत, ते थंड पडू द्यायचं नाही, म्हणे. माझी पाठ अगदी तिच्यासारखी. "सरक, अजून थोडी," अमोघ म्हणत राहिला.

बुधवार, ६ ऑगस्ट
दुरुस्ती. गेली म्हणजे वारली. मे महिन्यात, त्याच कठड्यावरून पडून, रील काढताना. खालच्या इस्त्रीवाल्या काकूंनी सांगितलं. संयोगिताला विचारलं तर म्हणाली, मेलेल्या मुलीला कोण फॉलो करतं गं? रीलखाली लोकांनी बदाम टाकलेत. लिहिलंय, "रसिका इज बॅक."

रविवार, १० ऑगस्ट
काल पार्टीला गेले नाही. कडी लावून खोलीत बसले. तरी रीलमध्ये पिवळी ओढणी घेतलेली मुलगी आहे. ती वळते. चेहरा माझा. सगळे म्हणतात, काय मस्त नाचलीस. थँक्यू.

मंगळवार, १२ ऑगस्ट
बाबांना फोन केला. ते हसले— मघाशीच तर बोललीस, मजेत आहेस म्हणून. मी बोलले नव्हते. ओढणी संयोगिताला परत दिली होती— गळ्यात आहे—

गुरुवार
दुरुस्ती. वर 'मस्त नाचलीस'च्या पुढे कुणीतरी 'थँक्यू' लिहिलंय. अक्षर माझं नाही—
शनिवार, १६ ऑगस्ट. गच्चीवर लाइव्ह आहे. कठड्यापासून लांब, कॅमेऱ्याकडे तोंड करून सगळ्यांना सांगणार. रसिका मेली आहे. ही मी. शर्वरी. शर्वरी गेली—