घंटेखाली उडी घेण्यापूर्वी

मी, तोमोया मुरोता, वय वर्षे बावीस, राहणार कानाझावा, हे मृत्युपत्र स्वखुशीने लिहून ठेवतो. डोके तापलेले आहे, पण ते जन्मापासूनच. बुद्धी शाबूत आहे.

कारण असे की, आज तालमीत नोह या जुन्या नृत्यनाट्यातली शिसे भरलेली जड घंटा माझ्यावर सुटणार आहे. नट खालून तिच्या पोकळीत उडी घेतो त्याच क्षणी ती पडावी लागते; क्षण चुकला तर कड डोक्यात. दोर हातानो गुरुजींच्या हाती. नटाने पाय आपटला की त्या आवाजावर ते दोर सोडतात. यंदा मात्र उडी त्यांची मुलगी शिओरी घेणार. ती बॅले नाचते, आणि बॅलेवाल्यांचे पाय वाजत नाहीत.

"पाय आपट," गुरुजी म्हणाले.

"बाबा, आपटला तर तो बॅले राहत नाही."

"आणि नाही आपटलास तर तू राहत नाहीस!"

मी मध्ये तोंड घातले, "आधी मी मारतो उडी. न वाजवता."

"कॉलेजातून मारलीस तशी?" गुरुजी म्हणाले. यंत्रशास्त्र अर्धवट सोडून मी नाचाकडे आलो, त्यावरचा हा टोमणा.

मी धड निघालो तर शिओरीचा प्रयोग होईल, नाहीतर रद्द. म्हणून पुढील व्यवस्था.

१. सायकल व बर्फातले बूट थोरला भाऊ र्योहेई यास. "पोरीमागे नाचायला गेला" असे तो गावभर सांगतो. बूट त्याला लहान होतात, हे मला ठाऊक आहे.

२. यंत्रशास्त्राची पुस्तके आईस. सलगमाच्या लोणच्यावर वजन म्हणून उत्तम.

३. शिओरीस तिचेच फाटके नाचाचे बूट. ती टाकत होती, मी ठेवले. अधिक लिहीत नाही, कारण साक्षीदार तिचे वडील आहेत.

४. गुरुजींनी मला टोफूच्या चोथ्याच्या पुरचुंडीने रंगमंच घासघासून चकचकीत करायला लावला, त्याचा राग आहे. तरी घंटा चुकली तर त्यांना कोणी बोल लावू नये. मी गेलो तरी शिओरीला नाचू द्यावे. घंटा तेवढी कापसाची करावी.

कानाझावा, १७ फेब्रुवारी.
सही: तोमोया मुरोता

साक्षीदार:
१. कायो नागाए, बासरीवादक.
२. गेन्झो हातानो, दोर धरणारा. शेरा: सर्व वाचले. पाय वाजले नाहीत तरी उडीआधीचा श्वास वाजतो. याचा लोहाराच्या भात्यासारखा, शिओरीचा तिच्या आईसारखा. दोन्ही मला ओळखू येतात. दोर वेळेवर सुटेल. कलम तीनमधले बूट याने संध्याकाळी स्वतः आमच्या घरी आणून शिओरीला द्यावेत. जेवूनच जावे.