टेम्पो निर्दोष आहे

२ मार्च
टेम्पो पोलिसांनी धरला. दारूबंदीचा कायदा. चालवत होता धाकटा भाऊ, म्हणून तोही आत. (मी चालवत नाही, मी मॅनेजमेंट बघतो.) मागे तेवीस खोकी. भरताना बाटल्यांची किणकिण कानावर आली होती, नाही असं नाही. पण पार्टीने फोनवर सरबत सांगितलं, मी भावाला सरबत सांगितलं. दुसऱ्याच्या मालात नाक खुपसायचा माझा स्वभाव नाही. आठ दिवसांत सगळं सोडवतो. जेवण गेलं नाही.

३ मार्च
संकल्प : रोज पहाटे पाचला उठून कायदा वाचणे. वकील फक्त सही-शिक्क्यापुरता, डोकं माझं. चिडायचं नाही.

४ मार्च, सकाळी ९
उठायला उशीर. कायदा उद्यापासून.

दुपारी
पोलीस स्टेशनच्या मागच्या पटांगणात टेम्पो बघून आलो. काचेवर खडूने नंबर टाकलाय. शेजारी एक जीप, तिच्या बॉनेटमधून चक्क झाड आलंय. हवालदार म्हणाला, पाच वर्षं झाली, मालक अजून कागद जमवतोय. असतात एकेक लोक. टेम्पोवरून जरा हात फिरवला तर लगेच हटकलं, मुद्देमालाला हात लावायचा नाही म्हणे. माझाच टेम्पो आणि मीच परका. या गडबडीत भावाला भेटायचं राहिलं. तो त्याच इमारतीत पुढच्या बाजूला होता.

८ मार्च
वकिलांनी विचारलं, आधी काय, भावाचा जामीन की टेम्पो? हा काय प्रश्न झाला? टेम्पो सुटला की धंदा सुरू, धंदा सुरू झाला की भावाचं ओघाने होईलच. शिवाय माणूस गंजत नाही. बायकोला हे समजावून सांगितलं तर तिने ताट माझ्यासमोर आदळलं. चिडलो.

१५ मार्च
तारीख होती. न्यायाधीश रजेवर.

२१ मार्च
वकिलांनी आज खरी मेख सांगितली. गाडी सुटायची तर आत दारू आहे हे मालकाला ठाऊक नव्हतं, असं कोर्टाला पटलं पाहिजे. तसं प्रतिज्ञापत्र तयार केलं. ‘सदर चालकाने अर्जदाराच्या विश्वासाचा गैरफायदा घेऊन परस्पर मद्य भरले.’ सदर चालक म्हणजे भाऊ. मी म्हटलं, नुसतं ‘चालक’ ठेवा, नाव नको. म्हणाले, नाव लागतंच. कोर्टाची भाषाच रांगडी, तिला कोण काय करणार? फायलीतला कागद वाचतो तरी कोण? आणि नीट आठवलं तर ती किणकिण रिकाम्या बाटल्यांचीही असू शकेल. सही करताना पेन दोनदा अडलं. पेनच भिकार होतं.

२ एप्रिल
भाऊ जामिनावर सुटला. भावजयीच्या वडिलांनी धावपळ केली. मी करणारच होतो. किती वाळलाय. जेवताना म्हणाला, दादा, माल कुणी भरायला सांगितला म्हणून पोलिसांनी मला पिळून काढलं, पण मी तुझं नाव घेतलं नाही. मी उठून मोरीत जाऊन तोंड धुतलं. उन्हाळा फार आहे. प्रतिज्ञापत्राचं सांगणार होतो, पण तो जेवत होता.
संकल्प : उद्या सांगणे.

३ एप्रिल
तो झोपला होता.

५ एप्रिल
आज सांगितलंच असतं, पण त्याची मुलगी त्याच्या मांडीवरून उठेना. लहान मुलांसमोर कोर्टाच्या गोष्टी नकोत. मुळात खोकी भरताना मी तिथे होतो का, हीच शंका आहे.

९ एप्रिल
जिंकलो. टेम्पो ताब्यात देण्याचा हुकूम झाला. विकणार नाही, रंग बदलणार नाही, बोलावलं की हजर करीन, असं लिहून दिलं. आठ दिवस म्हटलं होतं, थोडं पुढेमागे झालं. भावाचीही आजच तारीख, तो मागच्या बाकावर होता. न्यायाधीशांनी हुकूम मोठ्याने वाचला. विश्वासाचा गैरफायदा, परस्पर, सगळं आलं. नावासकट. मी वर पंख्याकडे बघत होतो. बाहेर आल्यावर त्याने एवढंच विचारलं, तू सरबत सांगितलं होतंस ना? मी म्हटलं, अरे, वकिली भाषा असते ती. तो म्हणाला, हो.

१० एप्रिल, दुपारी
टेम्पो घरी आणला. म्हणजे त्यानेच आणला. बॅटरी बसवली, चाकांत हवा भरली, चालवत आणला. वाटेत मी पुढचे प्लॅन सांगितले, नवा बोर्ड, दोघांची नावं. त्याने दारात टेम्पो लावला, किल्ली माझ्या हातावर ठेवली. मी म्हटलं, सोमवारी आठला निघू. तो म्हणाला, दुसरा ड्रायव्हर बघा.

जन्मात पहिल्यांदा त्याने मला अहोजाहो केलं.