दोन नंबरचा वारा

प्रिय दादा,

तुझं पाकीट मिळालं. वादळाचा अहवाल छापून आला आणि त्याची एक प्रत बहिणीला पाठवावीशी वाटली, हे कौतुकच म्हणायचं. मी शाळेची बस चालवणारी, मला त्यातलं काय कळणार, म्हणून तू महत्त्वाच्या ओळींखाली पेन्सिलीने रेघाही मारल्यास. वाचला मी. वारा मोजायचा तो मोकळ्या जागेत, दहा मीटर उंच खांबावर. पूर्ण एका मिनिटाची सरासरी धरायची. मधेच एखादा झोत कितीही जोराचा आला, तरी वर्ग ठरवताना तो जमेस धरायचा नाही. आपल्याकडचा खांब अर्ध्यातच मोडला, मग विमानातून सोडलेल्या यंत्रांवरून आणि उपग्रहाच्या चित्रांवरून हिशेब लावला. सरासरी ताशी दीडशे किलोमीटरच्या पुढे, पावणेदोनशेच्या आसपास. म्हणजे वर्ग दोन. तुझा अंदाज तंतोतंत बरोबर निघाला. अभिनंदन.

दोन नंबरचा म्हटलं की जगाला काळा धंदा आठवतो. आपल्या घरात मात्र फाटक आठवायचं. बाबांच्या सुतारकामाच्या शेडमध्ये, दाराच्या आतल्या बाजूला तू शाळेत असताना खडूने लिहिलं होतंस. एक नंबर, दोरीवरचे कपडे पिळले जातात. दोन नंबर, फाटक आपटतं. तीनला भुसा डोळ्यात जाऊन काम बंद. चारला पत्रे वाजतात आणि पाचला आईसुद्धा गप्प बसते. पुढे तू हवामानखात्यात लागलास आणि जगातही वादळांचे पाचच वर्ग असतात असं घरी येऊन सांगितलंस, तेव्हा बाबा इतके फुगले, जणू जगाने आपल्या दारावरूनच नक्कल केली होती. टेबल करून घ्यायला आलेल्या माणसालासुद्धा ते आधी दार दाखवायचे.

त्या दुपारी मी बस घेऊन दोघांना न्यायला आले होते. आई मांडीवर पिशवी घेऊन पुढच्या सीटवर बसलीही होती. बाबा कुलूप हातात घेऊन बाहेर पडणार, तेवढ्यात तुझा फोन आला. तू घाईत होतास, मागे चार माणसांचा गलका चालला होता. दोन नंबरचं आहे बाबा, तीनला जात नाही, एवढं बोलून तू ठेवलास. त्यांचा जीव भांड्यात पडला. कुलूप परत खिळ्याला अडकवलं आणि मला म्हणाले, अगं, फार तर फाटक आपटेल, कपाटांचं पॉलिश ओलं आहे, ती टाकून कुठे येऊ? मी ओरडले, हाताला धरून ओढलं. तर म्हणतात कसे, तू आपली बस चालव, वाऱ्यातलं त्याला कळतं.

वाऱ्याने आपले चार पत्रे नेले, बाकी घर जागेवर होतं. आला तो समुद्र. तुमच्या त्या वर्गात पाणी धरतच नाहीत, फक्त वारा धरतात, हे मला आता या अहवालात कळलं. शेवटच्या पानावर, बारीक अक्षरात. तिथे तुझी रेघ नाही. तुला हे नोकरीच्या पहिल्या दिवसापासून माहीत होतं, आणि फोनवर तू पाण्याचा प सुद्धा काढला नाहीस. मला तुझा राग येतो, दादा. भांडी घासताना येतो, बस मागे घेताना येतो. बाबांच्या लेखी दोन नंबर म्हणजे काय, हे तुला आठवायला हवं होतं. ते अक्षर तुझंच होतं.

बाबा गेल्यावर लोक भेटायला येत होते, तेव्हा तू आईजवळ बसून, बाबा हट्टी होते, कुणाचं ऐकायचे नाहीत, असं म्हणत होतास. मी समोर लोकांना चहा देत होते. तुझा फोन मी ऐकला नाही असं तुला वाटत असेल. आई बसमध्ये होती, पण मी तेव्हा शेडच्या दारातच उभी होते.

हे सगळं मी आयुष्यभर गिळलं असतं. पण आई महिन्यापूर्वी पुन्हा त्या घरात राहायला गेली, आणि वादळांचा मोसम तोंडावर आला आहे. या वर्षी इशारा आला की लगेच माझ्याकडे यायचं, असं मी तिला बजावलं. ती म्हणाली, दादा सांगेल तेव्हा निघेन, तुझ्या बाबांनी त्याचं ऐकलं असतं तर आज असते. माझ्या अगदी ओठावर आलं होतं. पण खरं सांगितलं तर तिचा तुझ्यावरचा विश्वास उडेल, आणि तुझ्याशिवाय दुसऱ्या कुणाच्या सांगण्यावरून ती जागची हलणार नाही. म्हणून तुझी अब्रू मी सांभाळते आहे, तुझ्यासाठी नव्हे. इशारा आला की तिला फोन कर. आकडा सांगू नकोस. दारावरचा खडू पाण्याने गेला, पण तीही अजून त्याच मापाने मोजते. फक्त एवढंच म्हण, आई, ऊठ आणि बसमध्ये बस. मी फाटकाशी बस चालू ठेवून थांबलेली असेन.

तुझीच, नाइलाजाने,
ढमी